मिठीच्या मुखाशी

माहीमच्या सेंट मायकल देवळात बुधवारच्या नोव्हेनाला जाणाऱ्या भाविकांना जवळच्या खाडीचा उग्र दर्प परिचित आहे. ही खाडी म्हणजे मिठी नदीचे मुख होय आणि तिच्यावर एके काळी कोळ्यांच्या चुली पेटत असत, हे मात्र थोड्यांनाच ठाऊक असेल. १९०९ सालच्या मुंबई गॅझेटियरने शहराच्या सहा मोठ्या कोळीवाड्यांत धारावीची गणना केली होती.

नदीचा ऱ्हास कारखान्यांपासून सुरू झाला, असा आपला समज असतो. वस्तुतः आरंभ त्यापूर्वीचा आहे. १८४५ साली माहीम-वांद्रे कॉजवे खुला झाला. नावेतला धोक्याचा प्रवास संपला, पण भरतीच्या पाण्याची वाट अरुंद झाली. १८६० साली विहार तलाव बांधून झाला. शहराला नळाचे पाणी मिळाले आणि नदीचे गोडे पाणी उगमाशीच अडले. पुढे धारावीत कातडी कमावण्याचे धंदे आले, कुर्ल्याकडे कारखाने आले, वस्त्यांचा मैला प्रवाहात मिसळू लागला. विमानतळासाठी पात्र मुरडले गेले. वांद्रे-कुर्ला संकुलासाठी खाजणे भरली गेली.

बोय, कोळंबी यांची पिल्ले तिवरांच्या आडोशाला वाढतात. मैला कुजताना पाण्यातला प्राणवायू शोषला जातो. मग मासा मरतो, किंवा खाडीत शिरतच नाही. अशा खाडीचा पहिला फटका बसतो तो ओहोटीला चिखलात उतरून कालवे, शिंपल्या वेचणाऱ्या बायकांना. त्या मिळकतीला होडी लागत नाही, भांडवल लागत नाही; म्हणून दप्तरी तिची नोंदही सहसा नसते. त्यानंतर पाग टाकणाऱ्यांची पाळी.

नुकसानभरपाई मागायची तर नुकसान करणारा दाखवावा लागतो. न्हावा-शेव्याच्या बंदरामुळे बाधित झालेल्या १,६३० मच्छीमार कुटुंबांना सुमारे ९५ कोटी रुपये देण्याचा आदेश राष्ट्रीय हरित लवादाने २०१५ साली दिला. तेथे बोट दाखवायला एक प्रकल्प होता. मिठीच्या काठी कोणाकडे बोट दाखवावे? दीडशे वर्षांची सार्वजनिक सोय आणि (हे लिहिताना संकोच वाटतो) आपल्या घरांच्या मोऱ्या!

२६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, तेव्हा मुंबईला आपल्या नदीची आठवण झाली. प्राधिकरण नेमले गेले, गाळ उपसण्याच्या योजना झाल्या. बोलणे मुख्यतः पुराचे होते, माशांचे नव्हे. माहीमच्या कोळीवाड्यापाशी होड्या अजूनही लागतात. त्या निघतात, त्या खाडीकडे पाठ करून.