'अग्नी'कडून 'राखे'कडे : फेबो मारी

मूकपटांच्या इतिहासात फेबो मारी हे नाव बहुधा एका ओळीपुरते येते, आणि तीही ओळ दुसऱ्याच कुणाविषयीची असते. एलिओनोरा दुझे या थोर इटालियन अभिनेत्रीने आयुष्यात एकच चित्रपट केला, तो 'चेनेरे', म्हणजे 'राख'. त्याचा दिग्दर्शक मारी. एवढे सांगून इतिहासकार पुन्हा दुझेकडे वळतात. आम्हाला या ओळीपाशी थोडे थांबावेसे वाटते.

मारी मूळचा सिसिलीतील मेसिनाचा. रंगभूमीवरून तो तुरीनच्या चित्रपटसृष्टीत आला. 'काबिरिया'चा (1914) दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोने याने त्याला 'इल फुओको'मध्ये ('अग्नी', 1915) चित्रकाराची भूमिका दिली. त्याला मोहात पाडून होरपळून टाकणारी कवयित्री होती पीना मेनिकेल्ली. चित्रपटाचे तीन भाग : ठिणगी, ज्वाळा आणि राख. दानुन्त्सिओची याच नावाची कादंबरी 1900 साली आली होती. तिची कथा वेगळी; पण दुझेबरोबरचे आपले प्रेम, तिच्या उतरत्या वयासकट, कवीने तीत चव्हाट्यावर मांडले होते. जिला पुढे मारी कॅमेऱ्यासमोर उभे करणार होता, तिच्या कानांना हे नाव निव्वळ शीर्षक नव्हते.

दुझेने 1909 मध्ये रंगभूमी सोडली होती. 1916 साली ती मारीबरोबर काम करण्यास तयार झाली, तेव्हा तिचे वय 57 होते. कथा तिने निवडली ती ग्राझिया देलेद्दाच्या कादंबरीतील. (देलेद्दाला 1926 चे नोबेल पुढे मिळाले.) सार्दिनियातील एक अविवाहित आई आपल्या मुलाला त्याच्या बापाच्या दारी सोडून निघून जाते, मोठा झालेला मुलगा तिला शोधून काढतो आणि त्या भेटीतूनच तिचा अंत ओढवतो. संहिता दोघांनी मिळून केली. मुलाची, अनानियाची, भूमिका मारीने स्वतःकडे ठेवली.

चित्रपट पाहताना प्रथम खटकते ते हे की, इतकी मोठी अभिनेत्री मिळूनही कॅमेरा तिच्या चेहऱ्याजवळ जात नाही. ती दूर उभी असते, अंधारात असते, पाठमोरी असते, किंवा चेहरा हातांनी झाकून घेते. पांढरे केस मात्र तिने लपवलेले नाहीत. हे अंतर दुझेनेच मागून घेतले, असे मानले जाते, आणि ते खरेच असावे. पण मागणी मान्य करून तिची चौकट बांधणे हे दिग्दर्शकाचे काम असते. मेनिकेल्लीच्या डोळ्यांवर आणि अंगविक्षेपांवर भाळलेल्या त्या काळात भिंतीलगतची एक वाकलेली आकृती पुरेशी आहे, असे मारीने मानले. आमच्या मते त्याच्या कारकिर्दीतील सर्वांत धीट निर्णय हाच.

गंमत अशी की, हाच माणूस तिच्याशेजारी उभा राहिला की स्वतः मात्र आवरत नाही. हात पसरतो, छाती फुगवतो, डोळे वर करतो. एकाच चौकटीत अभिनयाची दोन युगे दिसतात, आणि जुने युग तरुण नटाकडे आहे! दुसऱ्याच्या बाबतीत कळलेला संयम त्याला स्वतःच्या अंगी आणता आला नाही. साहित्यकृतीच्या रूपांतरात मूळ कथानक किती राखले, एवढेच वर्गात विचारणाऱ्या आमच्यासारख्यांनी ही चौकट एकदा तरी विद्यार्थ्यांना दाखवावी.

'चेनेरे' चालला नाही. नंतर मारीने 'इल फाउनो' (1917) केला. त्यात तो जिवंत होणारा वनदेवाचा पुतळा झाला, आणि तिथे त्याचा अतिरेक शोभूनही दिसतो. 'अत्तिला'मध्ये (1918) हूणांचा राजाही तोच. महायुद्धानंतर इटालियन चित्रपटधंदा कोसळला आणि मारी पुन्हा नाटकाकडे वळला. दुझेही 1921 साली रंगभूमीवर परतली, इब्सेनचे नाटक घेऊन, आणि तेही तुरीनमध्येच. त्याच शहरात 1939 साली मारीचे निधन झाले.