चित्रपटातील वृद्ध स्त्री : नाते, नाव आणि वय

भारतीय चित्रपटातील वृद्ध स्त्रीचा विचार सामान्यतः दोन साच्यांच्या अनुरोधाने केला जातो : सोशिक आई आणि खाष्ट सासू. हे वर्गीकरण चुकीचे नाही; तथापि ते अपुरे आहे. ही पात्रे कोणत्या शब्दांनी संबोधिली जातात इकडे लक्ष दिले असता असे दिसून येते की, दोन्ही साच्यांत स्त्रीची ओळख तिच्या वयावरून नव्हे, तर नात्यावरून ठरलेली असते. प्रस्तुत लेखात मुख्यतः ललिता पवार (१९१६–१९९८) यांच्या भूमिकांच्या आधारे हे विधान तपासून पाहावयाचे आहे.

'आई' आणि 'सासू' हे सापेक्ष शब्द होत. 'कोणाची?' हा प्रश्न त्यांत गृहीतच असतो. आचार्य अत्रे यांच्या 'श्यामची आई' (१९५३) या चित्रपटाच्या नावात ही षष्ठी उघडपणे दिसते. नाते एकदा निश्चित झाले म्हणजे नटीचे वय गौण ठरते. 'श्यामची आई' साकारताना वनमाला चाळिशीच्या आतच होत्या. 'मदर इंडिया' (१९५७) मधील राधेचे तारुण्य व वार्धक्य दोन्ही नर्गिस यांनीच रंगविले. त्यांचे व पुत्राची भूमिका करणाऱ्या सुनील दत्त यांचे जन्मवर्ष एकच, १९२९. पुढच्याच वर्षी त्या दोघांचा विवाह झाला. सारांश, पडद्यावरील वार्धक्य ही अवस्था नसून नटीकडे सोपविलेले एक पद होते.

ललिता पवार यांच्याकडे हे पद अपघाताने आले. १९४२ साली एका चित्रीकरणात बसलेल्या जोरदार चपराकीमुळे त्यांच्या चेहऱ्याला अर्धांगवायू झाला आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. त्या वेळी त्यांचे वय अवघे २६ होते. नायिकेची वाट बंद झाली आणि चरित्रभूमिकांची सुरू झाली. 'रामशास्त्री' (१९४४) मध्ये त्यांनी आनंदीबाई रंगविली. पुढे तो बारीक झालेला डोळा छळवादी सासूचे चिन्हच बनला. दूरदर्शनवरील 'रामायण' (१९८७) मालिकेत सत्तरी ओलांडलेल्या ललिताबाई मंथरा झाल्या.

परंतु त्याच चेहऱ्याने दुसरी साक्षही दिली आहे. 'श्री ४२०' (१९५५) मधील केळी विकणारी गंगामाई ही राजची आई नव्हे. राज कपूर यांच्याहून ललिताबाई केवळ आठ वर्षांनी मोठ्या होत्या. तथापि 'गंगा' या विशेषनामाला 'माई' जोडताच त्या साऱ्या वस्तीच्या वडीलधाऱ्या झाल्या. 'अनाडी' (१९५९) मधील घरमालकीण मिसेस डिसा तोंडाने फटकळ व अंतःकरणाने मायाळू आहे. तिच्या नावातही विवाहदर्शक उपपद आहेच. पण ती स्वतःच्या घराची धनीण आहे, आणि भेसळयुक्त औषधाने झालेला तिचा मृत्यू कथेला निर्णायक वळण देतो. या भूमिकेसाठी ललिताबाईंना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. तोच डोळा येथे क्रूर वाटत नाही. यावरून क्रौर्य चेहऱ्यात नव्हते, ते लेखकाने दिलेल्या नात्यात होते, हे सिद्ध होते.

या प्रश्नाचे महत्त्व केवळ कलेपुरते मर्यादित नाही. ज्या स्त्रीला षष्ठीवाचून नाव नाही, तिला स्वतःची इच्छा, व्यवसाय वा विनोदबुद्धी असू शकते, हे प्रेक्षकाच्या ध्यानी येत नाही. पडद्यावरची ही सवय घरातही उतरते. केदार शिंदे यांच्या 'बाईपण भारी देवा' (२०२३) या चित्रपटात सहा बहिणी मंगळागौरीच्या स्पर्धेसाठी एकत्र येतात. तेथेही नाते आहेच, पण ते समपातळीवरचे आहे. म्हणूनच मध्यमवयीन व वयस्क अशा सहा स्त्रिया सहा निरनिराळ्या स्वभावांनी उभ्या राहतात. प्रेक्षकांनी हा चित्रपट उचलून धरला, ही गोष्ट लक्षणीय आहे.

चित्रपटांचे संवाद आणि श्रेयनामावली यांचा या दृष्टीने पद्धतशीर अभ्यास होणे अगत्याचे आहे. कोणत्या वृद्ध स्त्रीला स्वतःचे नाव मिळाले आणि कोणती अखेरपर्यंत 'नायकाची आई' राहिली, एवढी नोंद जरी झाली, तरी आपल्या समाजाच्या इतिहासाचे एक उपेक्षित पान वाचता येईल.