टीएनटी-तुल्य टन : मुंबई गोदीतील स्फोट (1944) आणि अण्वस्त्रांच्या ऊर्जेचे मापन

प्रस्तावना :
आधुनिक इतिहासाच्या अध्यापनात हिरोशिमावरील अणुबॉम्बची शक्ती सुमारे 15 किलोटन असल्याचे सांगितले जाते. हा आकडा बॉम्बच्या वजनाचा नव्हे. तेवढीच ऊर्जा देण्यास टीएनटी हे पारंपरिक स्फोटक किती लागेल, त्या वजनाचा आहे. या तुलनेतून काय कळते आणि काय निसटते, याचा विचार प्रस्तुत लेखात मुंबई गोदीतील स्फोटाच्या आधारे केला आहे.

एककाची निर्मिती :
अमेरिकेने 16 जुलै 1945 रोजी न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात पहिली अणुचाचणी घेतली. तत्पूर्वी 7 मे रोजी त्याच परिसरात सुमारे 100 टन पारंपरिक स्फोटक उडवून मापनयंत्रे तपासण्यात आली. ज्ञात स्फोटाच्या मापाने अज्ञात स्फोट मोजावा, ही त्यामागील भूमिका होती. टीएनटीची प्रत्यक्ष ऊर्जा परिस्थितीनुसार थोडीफार बदलते. त्यामुळे एक टन टीएनटी म्हणजे 100 कोटी कॅलरी, असा संकेत रूढ झाला.

मुंबई गोदीतील स्फोट :
14 एप्रिल 1944 रोजी व्हिक्टोरिया गोदीतील ‘फोर्ट स्टिकिन’ या जहाजावर सुमारे 1,400 टन स्फोटके व दारूगोळा होता. त्याच जहाजात कराचीहून भरलेल्या कापसाच्या गाठीही होत्या. दाबून बांधलेल्या गाठीत आग आतल्या आत धुमसत राहते, हे जळगाव-धुळे या कापूस उत्पादक भागास वेगळे सांगावयास नको. दुपारी लागलेली आग आटोक्यात आली नाही. 4 वाजून 6 मिनिटांनी आणि 4 वाजून 34 मिनिटांनी दोन प्रचंड स्फोट झाले. त्यांची नोंद शिमल्याच्या भूकंपमापकावरही झाली. मृतांची संख्या सुमारे 800 ते 1,300 अशी निरनिराळी दिली जाते. त्यांत अग्निशमन दलाचे 66 जवान होते. 14 एप्रिल हा अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळला जातो, तो त्यांच्याच स्मरणार्थ.

येथे एक दक्षता आवश्यक आहे. 1,400 टन हे मालाचे वजन असून त्यात तोफगोळ्यांच्या लोखंडी कवचाचाही समावेश होतो. म्हणून या स्फोटास 1.4 किलोटनाचा स्फोट म्हणता येत नाही.

तुलनेची मर्यादा :
तथापि 1,400 टन ही कमाल मर्यादा मानली, तरी हिरोशिमाचा बॉम्ब ऊर्जेने सुमारे दसपट ठरतो. स्फोटाच्या धक्क्याची पोहोच ऊर्जेच्या घनमुळाच्या प्रमाणात वाढते. ऊर्जा दसपट झाली, तरी विध्वंसाची त्रिज्या दुपटीहून थोडीच अधिक होते. प्रत्यक्षात 1945 अखेर हिरोशिमातील मृतांची संख्या सुमारे 1,40,000, म्हणजे मुंबईच्या शंभरपटीहून अधिक झाली. हा बॉम्ब गजबजलेल्या शहरावर सुमारे 600 मीटर उंचीवर फोडण्यात आला होता. त्याची जवळजवळ एकतृतीयांश ऊर्जा उष्णतेच्या रूपाने बाहेर पडली. शिवाय किरणोत्सर्ग झाला आणि त्याला टीएनटीत प्रतिरूपच नाही.

पोखरणचा अनुभव :
भूमिगत चाचणीत आकडा काढणे आणखी कठीण असते. तो भूकंपलहरी आणि स्फोटस्थळाच्या खडकाचे किरणोत्सारी-रासायनिक पृथक्करण यांवरून अनुमानाने काढावा लागतो. 11 मे 1998 रोजीच्या औष्णिक-आण्विक चाचणीची शक्ती अधिकृतरीत्या सुमारे 45 किलोटन सांगण्यात आली. त्या चाचण्यांशी संबंधित असलेले शास्त्रज्ञ के. संथानम यांनी 2009 साली ती अपेक्षेहून कमी असल्याचे प्रतिपादन केले. अणुऊर्जा विभागाने आपला आकडा कायम ठेवला. एकक एकच असूनही मतभेद झाला, कारण तो मापनपद्धती व अनुमान यांविषयीचा होता.

निष्कर्ष :
टीएनटी-तुल्य टन हे ऊर्जेचे माप आहे, संहाराचे नव्हे. किलोटनाचा आकडा सांगताना तो कोणत्या पद्धतीने काढला, स्फोट कोठे व किती उंचीवर झाला आणि तेथे किती माणसे होती, हेही विद्यार्थ्यांसमोर मांडणे आवश्यक ठरते. अन्यथा अण्वस्त्र म्हणजे केवळ अधिक वजनाचा दारूगोळा, असा गैरसमज दृढ होण्याची शक्यता आहे.