वतन, वारसा आणि अनुकंपा

परवा दिग्रसला गेलो होतो, तेव्हा शाळेतला एक मित्र भेटला. आम्ही सातवीत असताना त्याचे वडील गेले, सरकारी नोकरीत असतानाच. काकूंचं नाव अनुकंपेच्या प्रतीक्षायादीत लागलं आणि तिथेच राहिलं. 2015 मध्ये त्यांनी पंचेचाळिशी ओलांडली आणि नियमाप्रमाणे नाव यादीतून उडालं. "आईच्या जागी माझं लावा म्हटलं, तर तसं करता येत नाही म्हणे."

मला वाटलं, वारसाचा साधा प्रश्न आहे, न जमायला काय झालं? पुण्याला परतल्यावर दोन वीकएंड हेच वाचत बसलो. तेव्हा कळलं की 'वारस' या शब्दातच खरी गोम आहे.

आपल्याकडे सरकारी काम वारशाने मिळणं काही नवीन नाही. पाटलाचा मुलगा पाटील, कुलकर्ण्याचा मुलगा कुलकर्णी. मुंबई इलाख्यात 1874 चा वतन कायदा होता, आमच्या वऱ्हाडात 1900 चा पटेल-पटवारी कायदा. वतन म्हणजे मान असं आपण समजतो, पण महार वतन म्हणजे पिढ्यानपिढ्यांची वेठ होती. ती मोडायला डॉ. आंबेडकरांनी 1928 मध्येच मुंबई कायदेमंडळात विधेयक आणलं होतं. महार वतनं संपायला 1958 चा कायदा यावा लागला. पाटीलकी त्याच्याही नंतर गेली, 1963 मध्ये.

दरम्यान राज्यघटना आली. अनुच्छेद 16 सांगतो की सरकारी नोकरीत धर्म, जात, लिंग यांसोबत 'कुळा'वरूनही भेदभाव करता येणार नाही. या एका शब्दावर 1960 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आंध्रातलं गावमुन्सफाचं वंशपरंपरागत पद घटनाबाह्य ठरवलं.

मग बाप गेला म्हणून मुलाला नोकरी, हे कसं चालतं? 1994 च्या नागपाल खटल्यात न्यायालयाने याचं उत्तर दिलं. हा वारसा नाही, समानतेच्या नियमाला अपवाद आहे. कर्ता माणूस अचानक गेल्यावर घर सावरावं एवढ्यापुरता, आणि तोही फक्त वर्ग तीन-चारच्या पदांवर. त्याच वर्षी 26 ऑक्टोबरला महाराष्ट्राने आपल्या योजनेचा शासन निर्णय काढला.

तर्क पटतो. आपण तासन् तास अभ्यास करून स्पर्धा परीक्षा द्यायची आणि जागा दुसऱ्याला घराण्यामुळे मिळायची, हे कुणालाच नको आहे. पण यादी दहा-दहा वर्षं हलत नसेल तर? 2023 मध्ये पश्चिम बंगालच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं की इतका काळ लोटल्यावर तातडीचं संकट उरत नाही. म्हणजे थांबायला सरकारनेच लावायचं, आणि थांबून जगलात म्हणून हक्क गेला! आमच्या धंद्यात अशा क्यूला सरळ बग म्हणतात.

नाव बदलू न देणारी अट 20 मे 2015 च्या शासन निर्णयात होती. औरंगाबाद खंडपीठाने 2020 मध्ये आणि नंतर 2024 मध्ये नागपूरच्या पूर्णपीठाने ती टिकणारी नसल्याचं सांगितलं. (दिग्रस नागपूर खंडपीठाच्याच हद्दीत येतं.)

आणखी एक गोष्ट वाचताना टोचली. लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार 1975 पासून महाराष्ट्रात सफाई कामगाराच्या वारसाला त्याची जागा मिळते. ती वारसा हक्क म्हणूनच, आणि बाप मरायची वाटही पाहावी लागत नाही, निवृत्त झाला तरी चालतं. त्या घरांना याचा आधार आहेच, नाकारत नाही. पण कलेक्टरची खुर्ची मुलाला मिळत नाही आणि झाडू मात्र मिळतो, हे 1928 च्या विधेयकाची आठवण काढल्याशिवाय मला वाचता आलं नाही.

असो. मित्राला पूर्णपीठाच्या निकालाची पीडीएफ पाठवली. पाच मिनिटांत उत्तर आलं, "मराठीत आहे का रे? इंग्रजी कागद दाखवला की टेबलावरचे साहेब बाजूला ठेवून देतात." या शनिवारी भाषांतराला बसलोय.