जुन्या चित्रफितींचा शोध

२२ सप्टेंबर १९०५ रोजी कलकत्त्याच्या, म्हणजे आजच्या कोलकात्याच्या, टाऊन हॉलपाशी वंगभंगाच्या निषेधार्थ विराट सभा भरली. हिरालाल सेन या बंगाली गृहस्थांनी ती कॅमेऱ्याने टिपली. आपल्या देशातील पहिला राजकीय चित्रपट म्हणून पुष्कळ अभ्यासक तिचा निर्देश करतात. परंतु ती फीत आज पाहावयास मिळत नाही. १९१७ मध्ये, सेन यांच्या मृत्यूच्या थोडेच दिवस आधी, आग लागली आणि त्यांच्या रॉयल बायोस्कोप कंपनीची चित्रे भस्मसात झाली. त्या काळची फीत नायट्रेटची असे. ती पाण्यातही जळत राहते, कारण ज्वलनास लागणारा प्राणवायू तिच्या पोटातच असतो!

माहितीपटासाठी जुनी चित्रे हुडकणाऱ्या संशोधकाची खरी परीक्षा अशा ठिकाणी होते. दिग्दर्शकाला १९०५ ची सभा हवी असते. पुढील एखाद्या वर्षाची धोतर-पगड्यांची गर्दी तिच्या जागी जोडून दिली, तर प्रेक्षकाला कळणार कसे? म्हणून संशोधक फितीच्या कडेवरील कारखान्याची खूण पाहतो, दुकानांच्या पाट्या वाचतो, ट्रामगाडीची घडण न्याहाळतो, त्या दिवसाची वर्तमानपत्रे चाळतो. एवढे करूनही मेळ बसला नाही, तर 'हे चित्र ते नव्हे' असे त्याने स्पष्ट सांगावयास हवे. माझ्या मते त्याच्या विद्येचा निम्मा भाग या नकारातच आहे.

सत्यजित राय यांनी रवींद्रनाथांच्या जन्मशताब्दीनिमित्त १९६१ मध्ये फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला माहितीपट या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. ७ ऑगस्ट १९४१ रोजी कवी निवर्तले. त्या दिवशी लोटलेल्या जनसागराची अस्सल दृश्ये चित्रपटाच्या आरंभीच येतात. परंतु बालपणाचे काय? १८९५ साली पॅरिसला लोकांपुढे सिनेमाचा पहिला खेळ झाला, तेव्हा रवींद्रनाथ चौतीस वर्षांचे होते. तेव्हा रायांनी बालनटाकडून ते प्रसंग उभे करविले. यात लबाडी मुळीच नाही. मात्र तोच तुकडा उद्या कोणी वेगळा काढून नाव-गाव न लिहिता डब्यात ठेवला, तर पुढच्या संशोधकाच्या हाती काय पडेल? आगीने निदान खोटा पुरावा तरी मागे ठेवला नाही.

आपल्याकडे सावेदादा भाटवडेकरांनी १९०१ मध्ये रँग्लर परांजप्यांचे मुंबईतील स्वागत चित्रित केले होते. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यास स्थापन झाले ते १९६४ मध्ये. मधल्या काळात काय काय गेले, याची मोजदाद आता कोण करणार?

टाऊन हॉलची १८१३ साली पुरी झालेली इमारत मात्र आजही उभी आहे. १९०५ वर माहितीपट काढणाऱ्याने तिचे आजचे चित्र घ्यावे, आणि ते आजचे आहे असे निवेदनात सांगावे.