तुरुंग आणि तडजोड

बेंगळूरुच्या मध्यस्थी केंद्राविषयी (स्थापना २००७) वाचताना मला रखमाबाईंचे स्मरण होते. मार्च १८८७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांना आज्ञा केली : पतीकडे नांदावयास जा, अन्यथा सहा महिने कारावास. त्यांनी कारावास पत्करण्याची तयारी दर्शविली. अखेर १८८८ मध्ये दादाजींनी २,००० रुपये घेऊन तडजोड केली. कारावासाची ही तरतूद १९२३ मध्ये रद्द झाली. १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याने समेटाचा प्रयत्न न्यायालयाचे कर्तव्य ठरविले. तथापि न्यायालयास दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणे १९७१ च्या कायद्यान्वये अवमान ठरते. म्हणूनच सहीपूर्वी संमती खरी आहे ना, हे मध्यस्थाने तपासलेच पाहिजे. धाकाने संसार उभा राहत नाही, हे रखमाबाईंनी तेव्हाच दाखविले होते.