ब्राउझर-खेळ न उघडणे : कारणे व निदान (जुन्नर-आंबेगाव परिसर)

ब्राउझर-खेळ न उघडणे : वेगळे ॲप न बसवता क्रोम, फायरफॉक्स, एज, सफारी यांसारख्या ब्राउझरमध्येच खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळाचे पान न उघडणे, अर्ध्यावर अडकणे किंवा उघडूनही खेळ सुरू न होणे. ‘लोड होत नाही’, ‘नुसतं गोल फिरतंय’, ‘हँग झालं’ अशा शब्दांत ही तक्रार सांगितली जाते. दोष चारपैकी एका ठिकाणी असतो : खेळ ठेवलेला सर्व्हर, तिथून घरापर्यंतची जोडणी, ब्राउझर किंवा यंत्र. पुणे जिल्ह्याच्या उत्तरेकडील जुन्नर व आंबेगाव या तालुक्यांत डोंगर, विखुरलेली वस्ती आणि वीजपुरवठ्याची तऱ्हा यांमुळे जोडणीचे दोष शहरापेक्षा अधिक संभवतात. म्हणून येथे ब्राउझरच्या सेटिंगला हात लावण्यापूर्वी जोडणी तपासावी.

लोड होण्याचे टप्पे

पत्ता टाकल्यावर ब्राउझर डीएनएस सर्व्हरकडून त्या नावाचा अंकी पत्ता मिळवतो, सर्व्हरशी सुरक्षित जोडणी करतो, त्याच्या प्रमाणपत्राची मुदत तपासतो आणि पान उतरवून घेतो. पानात नोंदलेल्या जावास्क्रिप्ट, चित्रे, आवाज व वेबअसेंब्ली यांच्या फायली त्यामागून येतात. त्या आल्या की खेळ यंत्राच्या मेमरीत मांडला जातो, वेबजीएल या प्रणालीद्वारे ग्राफिक्स चिपशी संबंध जुळतो आणि पहिला पडदा दिसतो. यांतला कोणताही टप्पा चुकला तरी खेळणाऱ्याला बहुधा कोरे पान किंवा फिरते चक्रच दिसते.

खेळाचा आकारही महत्त्वाचा. साधे कोडे काही शे केबींत मावते. त्रिमितीय खेळ कित्येक एमबींचा असतो. ६० एमबीचा खेळ सेकंदाला २० मेगाबिट वेगाने २४ सेकंदांत उतरतो. वेग २ मेगाबिटवर आला तर त्यालाच ४ मिनिटे लागतात. तेवढ्यात जोडणी क्षणभर तुटली तर एखादी फाइल अपुरी राहते आणि खेळ तिथेच थांबतो. त्यामुळे त्याच ठिकाणी व्हॉट्सॲपचे संदेश जात-येत असले, तरी खेळ उघडेलच असे नाही.

पार्श्वभूमी

२००० नंतरच्या दशकात ब्राउझर-खेळ म्हणजे प्रामुख्याने फ्लॅशवरचे खेळ. मिनीक्लिपसारख्या परदेशी संकेतस्थळांबरोबर मुंबईतून चालणारी झपाक व गेम्सटूविन ही संकेतस्थळेही याच तंत्रावर उभी होती. अडोबी कंपनीने जुलै २०१७ मध्ये फ्लॅश बंद करण्याचे जाहीर केले, ३१ डिसेंबर २०२० रोजी आधार काढून घेतला आणि १२ जानेवारी २०२१ पासून प्लेअरने स्वतःच खेळ चालवणे थांबवले. त्याआधी सप्टेंबर २०१५ मध्ये क्रोमने जुन्या पद्धतीचे प्लगइन काढून टाकल्याने जावा ॲप्लेट आणि युनिटी वेब प्लेअरवरचे खेळ त्या ब्राउझरमध्ये बंद पडले होते.

आजचे खेळ एचटीएमएल५, वेबजीएल आणि वेबअसेंब्ली यांवर चालतात. एचटीएमएल५ ला ऑक्टोबर २०१४ मध्ये आणि वेबअसेंब्लीला डिसेंबर २०१९ मध्ये वर्ल्ड वाइड वेब कन्सॉर्शियमची मान्यता मिळाली. जुना फ्लॅश-खेळ आज थेट उघडणार नाही. संकेतस्थळाने रफल हा मुक्त एम्युलेटर बसवला असेल, तर त्यांतले बरेच खेळ पुन्हा चालतात. शाळेत किंवा दुकानात टिकून राहिलेल्या विंडोज ७ च्या संगणकांची अडचण वेगळी आहे. फेब्रुवारी २०२३ मध्ये आलेल्या ११० व्या आवृत्तीपासून क्रोमने विंडोज ७ आणि ८.१ यांना सोडले. अशा संगणकावर क्रोम १०९ व्या आवृत्तीवर थांबतो आणि नव्या सुविधा वापरणारे खेळ त्यात अडू शकतात.

परिसरातील जोडणी

डोंगर व खोरी : दोन्ही तालुक्यांचा पश्चिम भाग सह्याद्रीच्या कुशीत आहे. जुन्नरमध्ये नाणेघाट, माळशेज आणि हातवीजकडील खोरी, तर आंबेगावात आहुपे, तळेघर आणि डिंभे धरणामागचा भाग येथे डोंगराची धार मोबाइल मनोऱ्याच्या आड येते. टेकाडावर रेंज आणि खालच्या वाडीत शून्य, असा प्रकार यातूनच होतो. मनोऱ्याची मागची जोडणी फायबरऐवजी मायक्रोवेव्हची असेल, तर मुसळधार पावसात तीही क्षीण होऊ शकते. मग फोनवर रेंजच्या सगळ्या दांड्या दिसतात, पण पान उघडत नाही. दांड्या फोन आणि मनोरा यांच्यातल्या सिग्नलची ताकदच सांगतात. मनोऱ्यापुढची वाट त्यांत कळत नाही.

गर्दी : एका मनोऱ्याची क्षमता त्याच्या कक्षेतल्या सर्वांत वाटली जाते. १९ फेब्रुवारीच्या शिवजयंतीला शिवनेरीवर, श्रावणात भीमाशंकरच्या वाटेवर आणि पावसाळी सुट्टीच्या दिवशी माळशेजला माणसे लोटतात तेव्हा हा ताण वाढतो. अशा वेळी ब्राउझर बदलून काही साधत नाही. तोच खेळ पहाटे उघडून पाहणे ही सोपी परीक्षा होय.

वीज : पूर्वेकडील बागायती पट्ट्यात अनेक घरे गावठाणाबाहेर मळ्यांत आहेत. गावठाणाचे आणि शेतीचे फीडर वेगळे असल्यास मळ्यातल्या घराला शेतीपंपांच्या वेळापत्रकाची झळ पोहोचते. एका डीपीवरचे पंप एकदम सुरू झाले की व्होल्टेज उतरते, राउटर बंद होऊन पुन्हा सुरू होतो आणि दोन-तीन मिनिटे जोडणी नसते. बल्ब नुसता मंदावल्याने हा खंड लक्षात येत नाही, खेळ मात्र अडकतो. बहुतेक घरगुती राउटर १२ व्होल्टवर चालतात. त्यांच्यासाठी मिळणारा छोटा यूपीएस हा यावरचा थेट उपाय. लाइट गेल्यावर गावातल्या फायबर-पेटीचा किंवा केबलचालकाच्या उपकरणाचा बॅकअप संपला, तर मात्र घरातला यूपीएस पुरत नाही.

खोडदची दुर्बीण : नारायणगावजवळ खोडद येथे राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्राची महाकाय मीटर-तरंग रेडिओ दुर्बीण (जीएमआरटी) आहे. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्यांपैकी १४ मध्यवर्ती भागात आणि १६ इंग्रजी वाय अक्षराच्या तीन बाहूंवर, सुमारे २५ किलोमीटरच्या विस्तारात पसरल्या आहेत. मानवनिर्मित रेडिओ-गोंगाट कमी असणे हे जागा निवडण्याचे एक कारण होते. दुर्बीण केवळ ग्रहण करते, लहरी सोडत नाही. त्यामुळे ती कोणाचे इंटरनेट अडवत किंवा ‘जॅम’ करत नाही. उलट मोबाइल मनोरे आणि विजेच्या तारांवरील ठिणग्या यांचाच तिला उपद्रव होतो.

दुर्बीण आणि मोबाइल सेवा यांचा संबंध लहरींच्या वाटपात आहे. दुर्बिणीचा एक पट्टा ५५० ते ८५० मेगाहर्ट्झचा आहे. ५जी सेवेचा ७०० मेगाहर्ट्झचा पट्टा (७०३ ते ७४८ आणि ७५८ ते ८०३) त्यात पूर्ण बसतो, तर ४जीच्या ८५० पट्ट्यातील फोनकडून मनोऱ्याकडे जाणारा भाग (८२४ ते ८४९) त्याच्या कडेला येतो. डोंगराळ भागात लांब पोहोचण्यास आणि आडोशामागे वळण्यास याच कमी वारंवारतेच्या लहरी अधिक उपयोगी असतात. १८०० आणि २३०० मेगाहर्ट्झचे मोबाइल पट्टे, तसेच घरातील वायफायचे २.४ आणि ५ गिगाहर्ट्झचे पट्टे दुर्बिणीच्या निरीक्षणकक्षेबाहेर आहेत. वेधशाळेच्या आवारात मात्र मोबाइल व वायफाय वापरण्यापूर्वी तेथील नियम पाळावे लागतात.

निदानाचा क्रम

पुढील तपासण्या याच क्रमाने कराव्यात. प्रत्येक तपासणीत चारपैकी एखादे ठिकाण वगळले जाते.

१. दुसरे संकेतस्थळ उघडावे. काहीच उघडत नसेल तर दोष जोडणीत. क्रोममध्ये इंटरनेट नसताना दिसणारा, २०१४ मध्ये आलेला डायनासोरचा खेळ ब्राउझरमध्येच साठवलेला असतो. तो चालत असेल, तर ब्राउझर आणि यंत्र निदान सुरू आहेत.

२. जोडणी बदलावी. वायफाय बंद करून मोबाइल डेटावर किंवा दुसऱ्या कंपनीच्या सिमच्या हॉटस्पॉटवर तोच खेळ उघडावा. उघडल्यास दोष पहिल्या जोडणीत आहे. राउटर अर्धा मिनिट बंद ठेवून सुरू करावा, दिवसाचा डेटा संपून वेग उतरला आहे का ते पाहावे आणि फोनच्या सेटिंगमध्ये ‘प्रायव्हेट डीएनएस’ला कोणी जाहिराती रोखणारा पत्ता दिला असल्यास तो ‘ऑटोमॅटिक’वर आणावा.

३. यंत्र बदलावे. त्याच वायफायवर दुसऱ्या फोनवर खेळ उघडला, तर दोष पहिल्या यंत्रात किंवा ब्राउझरमध्ये.

४. खासगी विंडोत उघडावे (क्रोममध्ये कंट्रोल, शिफ्ट आणि एन). येथे जुने कुकी नसतात आणि बहुतेक एक्स्टेन्शन बंद असतात. खेळ उघडला, तर त्या संकेतस्थळाचा साठलेला डेटा पुसावा आणि जाहिरात-रोधक त्या पानापुरता थांबवावा. अनेक खेळ आधी जाहिरात मागवतात. ती न आल्यास पुढे सरकत नाहीत. साठलेला डेटा पुसताना खेळातली प्रगतीही जाऊ शकते, म्हणून खाते उघडलेले आहे ना हे आधी पाहावे.

५. तारीख व वेळ पाहावी. संगणकाच्या मदरबोर्डवरील सीआर२०३२ सेल संपला की लाइट जाऊन आल्यावर तारीख काही वर्षे मागे जाते. मग प्रमाणपत्राची मुदत जुळत नाही आणि ‘जोडणी खासगी नाही’ अशी सूचना येते.

६. ग्राफिक्स तपासावे. ब्राउझरच्या सेटिंगमधील हार्डवेअर ॲक्सिलरेशन चालू असावे. चालू असूनही पडदा काळा राहिल्यास ते बंद करून पाहावे आणि ग्राफिक्स ड्रायव्हर अद्ययावत करावा.

७. एफ१२ दाबून कन्सोल व नेटवर्क हे कप्पे पाहावेत. लाल अक्षरांतली पहिली ओळ बहुधा मूळ कारणाची असते. तिच्याखालच्या ओळी तिचेच परिणाम असतात.

लक्षणे आणि अर्थ

पट्टी ९० टक्क्यांवर थांबणे : युनिटीवर केलेल्या खेळांत ९० टक्क्यांपर्यंत उतरवण्याचे काम चालते आणि उरलेल्यात खेळ मेमरीत मांडला जातो. कमी रॅमच्या फोनवर येथे मिनिटभर लागू शकते. इतर टॅब आणि ॲप बंद करून थांबावे. वारंवार रिफ्रेश केल्यास काम पुन्हा पहिल्यापासून सुरू होते.

४०४ : पान तिथे नाही, खेळ हलवला किंवा काढला आहे. ४०३ : प्रवेश नाकारला. ४२९ : थोड्या वेळात फार मागण्या गेल्या. ५०० ते ५०४ : सर्व्हरकडील बिघाड, वाट पाहण्यापलीकडे घरी करण्यासारखे काही नसते.

पडदा दिसतो पण खेळ हलत नाही : एप्रिल २०१८ पासून क्रोम वापरणाऱ्याने स्पर्श केल्याशिवाय आवाज सुरू होऊ देत नाही. काही खेळ त्या पहिल्या स्पर्शाची वाट पाहत थांबलेले असतात.

एकट्याने चालतो, इतरांबरोबर तुटतो : येथे वेगापेक्षा विलंब महत्त्वाचा. उतरवण्याचा वेग चांगला असूनही संदेशाची फेरी रखडली, तर सर्व्हर खेळणाऱ्याला बाहेर काढतो. राउटरला तार लावणे किंवा त्याच्याजवळ बसणे उपयोगी पडते.

फक्त शाळेत उघडत नाही : शाळा-महाविद्यालयांच्या नेटवर्कवर खेळांची संकेतस्थळे मुद्दाम रोखलेली असू शकतात. हा बिघाड नव्हे. शैक्षणिक खेळ हवा असल्यास नेटवर्क सांभाळणाऱ्यांकडे परवानगी मागावी.

बंदी आणि फसवणूक

काही खेळ कायद्यामुळे उघडत नाहीत. माहिती तंत्रज्ञान अधिनियमाच्या कलम ६९अ खाली केंद्र सरकार संकेतस्थळे रोखू शकते. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने संमत केलेल्या ऑनलाइन गेमिंगविषयक अधिनियमात पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळांना मनाई आहे. त्यानंतर रमी-पोकरच्या अनेक कंपन्यांनी पैशांचे खेळ बंद केले. असे पान उघडण्यासाठी कोणी प्रॉक्सी किंवा अनोळखी फाइल देऊ केली, तर ती घेऊ नये.

‘फ्लॅश प्लेअर अपडेट करा’ ही सूचना आज कुठेही दिसली तरी ती फसवी समजावी. तसेच खेळ सुरू करण्यासाठी ओटीपी, यूपीआय पिन किंवा स्क्रीन दाखवणारे ॲप लागत नाही. पैसे गेल्यास १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर लगेच कळवावे. मोबाइल जोडणीची तक्रार कंपनीकडे १९८ या क्रमांकावर नोंदवता येते. त्या वेळी गावाबरोबर वाडीचे नाव, वेळ, ४जी किंवा ५जीची खूण आणि दुसऱ्या कंपनीच्या सिमवर आलेला अनुभव सांगितल्यास दोष मनोऱ्याचा की फोनचा हे ठरवणे सोपे जाते. आपल्या भागात कोणते मनोरे आहेत हे दूरसंचार विभागाच्या ‘तरंग संचार’ या संकेतस्थळावर पाहता येते.

जोडणीविना पर्याय

जिथे जोडणी सुधारणे शाळेच्या किंवा घराच्या हाती नाही, तिथे एकदाच उतरवून पुढे इंटरनेटशिवाय चालणारे खेळ निवडावेत. कोलोराडो विद्यापीठाचा २००२ मध्ये सुरू झालेला फेट हा प्रकल्प याचे चांगले उदाहरण आहे. त्याची विज्ञान-गणिताची अनेक खेळकर प्रात्यक्षिके पूर्वी जावा व फ्लॅशवर होती. ती पुढे एचटीएमएल५ मध्ये आणली गेली आणि त्यांतली कित्येक मराठीतही आहेत. प्रत्येक प्रात्यक्षिक एकाच फाइलमध्ये उतरवता येते. मंचर किंवा नारायणगावात चांगल्या जोडणीवर उतरवलेली फाइल पेनड्राइव्हने आहुप्याच्या किंवा हातवीजच्या शाळेत नेली, तर तेथील संगणकाला फक्त बऱ्यापैकी नवा ब्राउझर लागतो.